गळा नसलेल्यांची जागा

दरवर्षी जूनमध्ये मला एक प्रश्न हमखास विचारला जातो. पोरगं दारात चप्पल काढत असतं, आई किंवा वडील आवाज खाली आणून विचारतात, "याला गळा आहे का हो, सर? नसला तर उगीच वेळ नको घालवायला. स्कॉलरशिपचा क्लासही लावायचाय."

मी काही गवई नाही. सरकारी नोकरीत हिशोब तपासण्यात जन्म गेला. निवृत्तीनंतर घरीच सात-आठ मुलांना गांधर्व महाविद्यालय मंडळाच्या 'प्रारंभिक' आणि 'प्रवेशिका' या परीक्षांपुरतं शिकवतो. तरीही हा प्रश्न आला की पोटात गलबलतं, कारण त्याचं उत्तर मला स्वतःला वयाच्या तेराव्या वर्षी मिळालं होतं. तेव्हाच्या औरंगाबादेत मी ज्यांच्याकडे शिकायला जायचो, ते एका संध्याकाळी पेटी बंद करत म्हणाले, "ताल बरा आहे रे तुझा, पण गळा नाही. तबल्याकडे जा." ते वाईट माणूस नव्हते. माझा वेळ वाचावा एवढाच त्यांचा हेतू होता. मी तबल्याकडे गेलो नाही आणि पुढची सतरा वर्षं गाण्याकडेही फिरकलो नाही. तिशीत परत शिकू लागलो, तेव्हा जबडा, मान, श्वास सगळं घट्ट होऊन बसलं होतं.

त्यामुळे जन्मजात देणगी मोठी की रियाज मोठा, हा वाद माझ्यासाठी चहाच्या टेबलावरचा राहिलेला नाही. त्यावरची दोन प्रसिद्ध उत्तरं मी बरीच वर्षं घोळवली आणि दोन्हींनी माझं समाधान झालं नाही. तिसरं उत्तर जिथे सापडलं, ती जागा माझ्या घरापासून जेमतेम पंधरा किलोमीटरवर आहे. त्या उत्तराविषयी, आणि त्याच्याशी असलेल्या माझ्या भांडणाविषयी हे लिहितो आहे.

देवगिरीचा हिशोबनीस

दौलताबादचा किल्ला आपण सगळ्यांनी पाहिलेला असतो. चांद मिनार, खंदक, अंधारी, वर जाताना लागलेली धाप. शाळेच्या सहलीत यादवांचं नाव येतं, तुघलकाचं येतं, पण एक नाव सहसा येत नाही: शार्ङ्गदेव. तेराव्या शतकाच्या पूर्वार्धात, सिंघण यादवाच्या काळात, याच देवगिरीच्या आश्रयाने त्याने 'संगीतरत्नाकर' लिहिला. घराणं मूळचं काश्मीरचं. आजोबा भास्कर दक्षिणेत आले, वडील सोढल यादवांच्या सेवेत होते. शार्ङ्गदेव स्वतः राजाच्या श्रीकरणाचा, म्हणजे जमाखर्चाच्या दप्तराचा, प्रमुख. हिशोबाच्या माणसाने लिहिलेला ग्रंथ म्हणून मला तो आधीपासूनच जवळचा वाटत होता, हे कबूल करतो.

ग्रंथाचे अध्याय सात: स्वर, राग, प्रकीर्णक, प्रबंध, ताल, वाद्य आणि नृत्य. उत्तरेची आणि दक्षिणेची, दोन्ही संगीत परंपरा या ग्रंथाला आपला मानतात. संगीताचे अभ्यासक बहुधा पहिल्या दोन अध्यायांत रमतात, कारण श्रुती, जाती, ग्रामराग यांचा सगळा गुंता तिथे आहे. ग. ह. तारळेकरांच्या मराठी अनुवादाच्या आधाराने वाचताना मी मात्र तिसऱ्यात, प्रकीर्णकाध्यायात अडकलो. प्रकीर्णक म्हणजे किरकोळ, इकडचंतिकडचं. आणि या 'किरकोळ' प्रकरणात गाणाऱ्या माणसाबद्दल लिहिलेलं आहे.

त्यात एक संज्ञा आहे: 'शारीर'. आवाजाची अशी शक्ती, की जी अभ्यासावाचूनही राग प्रकट करू शकते. ही शक्ती शरीराबरोबरच जन्माला येते, म्हणून तिचं नाव शारीर. आपण बोलताना ज्याला 'गळा' म्हणतो तो हाच. पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून ठेवलं. आठशे वर्षांपूर्वीचा देवगिरीचा पंडितही पेटी बंद करून मला तबल्याकडे पाठवत होता.

दहा हजार तासांचं आश्वासन

दुसरं उत्तर याच्या अगदी उलट. आमच्या शहरात स्पर्धा परीक्षांच्या क्लासबाहेर लागलेल्या फलकांवर ते निरनिराळ्या शब्दांत असतं: टॅलेंट वगैरे काही नसतं, मेहनत असते. याची अलीकडची शास्त्रीय वंशावळ अँडर्स एरिक्सन या मानसशास्त्रज्ञापर्यंत जाते. १९९३ साली त्याने दोन सहकाऱ्यांबरोबर बर्लिनच्या संगीत अकादमीतल्या व्हायोलिनवादक विद्यार्थ्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यातल्या सर्वोत्तम गटाने विसाव्या वर्षापर्यंत सरासरी सुमारे दहा हजार तास एकट्याने सराव केलेला होता. २००८मध्ये माल्कम ग्लॅडवेलच्या 'आउटलायर्स'ने त्या सरासरीचा नियम केला आणि 'दहा हजार तास' जगभर पसरलं.

एरिक्सनला हे पसंत नव्हतं. सरासरी म्हणजे उंबरठा नव्हे, आणि नुसते तास मोजण्याला अर्थ नाही, असं त्याने पुढे स्पष्ट केलं. त्याचा भर होता तो हेतुपूर्वक केलेल्या सरावावर: नेमकी चूक हेरायची, तेवढीच दुरुस्त करायची, आणि शक्यतो जाणत्या शिक्षकाच्या नजरेखाली. पुढे २०१४ साली मॅकनमारा, हॅम्ब्रिक आणि ऑस्वाल्ड यांनी अशा अनेक अभ्यासांची एकत्र बेरीज केली. माणसामाणसांच्या कौशल्यात जो फरक दिसतो, त्यातला संगीताच्या बाबतीत सुमारे २१ टक्के भाग सरावाने समजावून सांगता येतो, असं त्यांना आढळलं. बुद्धिबळासारख्या खेळांत २६ टक्के, मैदानी खेळांत १८. म्हणजे सराव महत्त्वाचा खरा, पण सगळा हिशोब त्याने मिटत नाही. उरलेल्या भागात एकटी देणगीच आहे असंही नाही. सुरुवातीचं वय, शिक्षक, घर, तब्येत, संधी, आणि मोजण्यातल्या चुका, सगळंच त्यात आलं.

मला आकडेवारीपेक्षा त्या फलकाची भाषा खुपते. 'मेहनत केलीस तर काहीही होशील' हे वाक्य ऐकायला उदार आहे, पण त्याची दुसरी बाजू क्रूर आहे. जो झाला नाही, त्याने मेहनत केली नाही, असा त्याचा अर्थ निघतो. तिशीनंतर मी रोज पहाटे दीड तास याप्रमाणे पंचवीसेक वर्षं बसलो. गुणाकार करून पाहा, दहा हजार केव्हाच ओलांडले. माझा आवाज आजही कोरडाच आहे. तार सप्तकात तो पत्र्यासारखा वाजतो. 'गळा नाही' म्हणणाऱ्याने मला निदान आळशी ठरवलं नव्हतं.

यादी पुन्हा वाचताना

मिटलेलं पुस्तक पुन्हा उघडलं ते सवयीने. लेखापरीक्षणात एक शिस्त असते: एक नोंद खटकली म्हणून सगळी वही बाद करायची नाही, मागच्यापुढच्या नोंदी पाहायच्या. पुढे शार्ङ्गदेव उत्तम गायकाची लक्षणं देतो. हृद्य आवाज आणि चांगलं शारीर या दोन गोष्टी यादीत अगदी आरंभीच येतात, आणि तिथे माझ्यासारख्याचा निकाल लागतो. पण यादी तिथे थांबत नाही. स्वर कुठे घ्यावा आणि कुठे सोडावा याची जाण. कंठ ताब्यात असणं. तालाचं ज्ञान. सावधपणा. श्रम जिंकलेले असणं, म्हणजे गाऊन न थकणं. लक्षात ठेवण्याची ताकद. चांगल्या संप्रदायात शिकलेलं असणं. ही यादी बरीच लांब आहे, आणि तिच्यातली बहुतेक लक्षणं शरीराबरोबर जन्माला येणारी नाहीत. ती मिळवावी लागतात.

त्यानंतर येतं ते विधान, ज्याच्यासाठी मी हा लेख लिहायला बसलो. मध्यम गायक कोण? ज्याच्यात यातले काही गुण कमी आहेत, पण जो निर्दोष आहे. आणि अधम कोण? ज्याच्या गाण्यात दोष आहेत.

शार्ङ्गदेवाने इथे दोन वेगवेगळ्या मोजपट्ट्या वापरल्या आहेत. उत्तम आणि मध्यम यांच्यातला फरक गुणांचा आहे. मध्यम आणि अधम यांच्यातला फरक मात्र दोषांचा आहे. गुण कमी असले म्हणून कुणी अधम होत नाही. आणि याच न्यायाने, उत्तम आवाजाचा माणूसही दोषांच्या वाटेने थेट खालच्या पायरीवर येऊ शकतो.

मग दोष कोणते? त्यांचीही यादी आहे, पंचवीस जणांची. ती वाचताना हसू येतं, कारण यातली निम्मी माणसं आपण गणपतीच्या स्टेजवर पाहिलेली असतात. दात आवळून गाणारा तो संदष्ट. तोंड भलतंच वासणारा कराली. उंटासारखी मान उंच करणारा करभ. भोपळ्यासारखे गाल फुगवणारा तुंबकी. गळ्याच्या नि चेहऱ्याच्या शिरा ताणणारा झोंबक. मान वाकडी करणारा वक्री. भ्यालेला, कापणारा, लक्ष नसलेला, तालातून सुटणारा, शब्द न कळणारा, नाकात गाणारा. डोळे मिटून गाणारासुद्धा! माझ्याकडची मुलं मोठ्या गवयांचे व्हिडिओ पाहून पहिल्याच दिवशी डोळे मिटतात, तेव्हा मला देवगिरीचा हा ऑडिटर आठवतो.

पंचविसातले कावळ्यासारख्या आवाजाचा 'काकी' आणि असे आणखी दोन-तीन सोडले, तर बाकीचे सगळे सवयीचे, भीतीचे, बेसावधपणाचे किंवा न शिकल्याचे दोष आहेत. ते जन्माने येत नाहीत आणि रियाजाने जाऊ शकतात. म्हणून माझं वाचन असं: शार्ङ्गदेव देणगीला तिची जागा देतो, आणि ती जागा वरची आहे. पण अधमपणातून बाहेर पडण्याचा रस्ता तो देणगीच्या हाती ठेवत नाही. तो अभ्यासाच्या हाती ठेवतो. रियाज मला उत्तम करील, याची हमी तो देत नाही. निर्दोष करील, एवढं त्याच्या मांडणीतून निघतं. दहा हजार तासांच्या आश्वासनापेक्षा हे आश्वासन लहान आहे, आणि पाळता येण्यासारखं आहे.

कुणी म्हणेल, हे तुमचं सोयीचं वाचन झालं. 'काही गुण कमी' यात शारीर कमी असलेलाही बसतो, असं ग्रंथकाराने कुठे म्हटलंय? आक्षेप रास्त आहे. तो स्पष्ट म्हणत नाही. पण तो शारीराला त्यातून वगळतही नाही, आणि नेमक्या वर्गवाऱ्या करण्याची त्याची आवड पाहता, वगळायचं असतं तर त्याने वगळलं असतं.

देणगी जाते तेव्हा

या मांडणीची कसोटी मी आपल्याकडच्या दोन गाण्यांवर लावून पाहतो. कुमार गंधर्व हे 'अभ्यासावाचून राग प्रकट करणाऱ्या' आवाजाचं आपल्या आठवणीतलं ठळक उदाहरण. १९२४ साली बेळगावजवळच्या सुळेभावीत जन्मलेला हा मुलगा रेकॉर्डवरच्या मोठमोठ्या गवयांचं गाणं जसंच्या तसं म्हणून दाखवायचा. शार्ङ्गदेवाच्या भाषेत तेव्हा तो 'अनुकार', दुसऱ्याची हुबेहूब नक्कल करणारा. ही नक्कल थक्क करणारी होती, पण त्या मुलाला पुढे मुंबईत प्रा. बी. आर. देवधरांकडे बसून शिकावं लागलंच. मग क्षयाने फुप्फुस गाठलं, १९४८च्या सुरुवातीला ते देवासला आले, आणि काही वर्षं गाणं बंद. नंतर जे गाणं आलं त्याचे छोटे, तुटक, झेपावणारे स्वरसमूह आपण ओळखतो. तो केवळ आजाराचा परिणाम होता असं म्हणणं त्यांच्या विचारशक्तीवर अन्याय करणारं आहे. पण लहानपणच्या त्या आयत्या आवाजावर विसंबून ते गाणं उभं राहिलेलं नाही, एवढं नक्की.

दुसरं नाव उस्ताद अल्लादियाखाँ. ऐन उमेदीत अति गाण्याने त्यांचा आवाज बसला आणि पूर्वीसारखा कधीच परत आला नाही. शरीराबरोबर आलेलं शरीरानेच काढून घेतलं. मग त्या बदललेल्या आवाजाला पेलेल अशी पेचदार, अखंड, लयीला धरून वळणारी गायकी त्यांनी घडवली, आणि शाहू महाराजांच्या कोल्हापुरात ती रुजली. आज आपण तिला जयपूर-अत्रौली म्हणतो. एका संपूर्ण घराण्याच्या मुळाशी 'गळा गेला' ही घटना आहे, हे आपण पुरेसं लक्षात घेत नाही.

अर्थात मी अल्लादियाखाँ नाही, आणि ही उदाहरणं फलकावर लावण्यासाठी नाहीत. त्यांच्याकडे आवाज गेल्यावरही अफाट असं काही उरलं होतं. मला एवढंच दिसतं की गळा ही देणगीतली एकच गोष्ट आहे, आणि तीही कायमची नाही.

माझं भांडण

शार्ङ्गदेवाशी माझं भांडण दोन जागी आहे. पहिली जागा 'सुसंप्रदाय'. उत्तम गायक चांगल्या परंपरेत शिकलेला असावा, असं तो सहज म्हणून जातो, जणू ही गायकाचीच लायकी आहे. पण चांगल्या गुरूसमोर बसायला मिळणं हे शिकणाऱ्याच्या हातात किती असतं? मोगूबाई कुर्डीकरांची अल्लादियाखाँसाहेबांकडची तालीम मध्येच तुटली. त्यांना इतर उस्तादांकडे शिकावं लागलं, आणि बऱ्याच वर्षांनी पुन्हा खाँसाहेबांचा गंडा बांधता आला. त्यांची बुद्धी तीच होती, रियाजही तोच होता. मधल्या काळात दार बंद होतं. जात, पैसा, बाईपण, गाव, यांतल्या कशाकशामुळे किती गळे त्या दारापर्यंतच पोचले नसतील, याची नोंद कुठल्याच वहीत नाही. प्रतिभा की अभ्यास, या जुन्या वादात ही तिसरी बाजू नेहमी गळते. साहित्यशास्त्रातही तेच. मम्मट शक्ती, निपुणता आणि अभ्यास हे तिन्ही मिळून काव्याचा एकच हेतू मानतो. वेगवेगळी तीन कारणं नाहीत, तिघांचं मिळून एक, हा त्याचा आग्रह मला फार शहाणपणाचा वाटतो. पण निपुणता शास्त्रं आणि काव्यं वाचून येते म्हणताना, ती वाचायला मिळालीच नाहीत तर काय, हे तोही विचारत नाही.

भांडणाची दुसरी जागा म्हणजे चांगलं शारीर कशाने मिळतं याची त्याने दिलेली कारणं. विद्यादान, तप, शंकराची भक्ती आणि मोठं भाग्य. या यादीत रियाज नाही, आणि या जन्मात काही करता येईल असंही फारसं नाही. ज्या ग्रंथाच्या पहिल्याच अध्यायात देह कसा घडतो, नाद देहात कुठून उठतो याचं इतकं तपशीलवार विवेचन आहे, तो इथे भाग्यावर येऊन थांबतो. मला वाटतं, त्याच्यासमोरही तेच होतं जे आपल्यासमोर आहे: दोन मुलं, सारखंच शिकवलेलं, आणि एकाच्या पहिल्या 'सा'ला अंगावर काटा येतो. याला नाव देता येतं. कारण देता येत नाही.

मात्र एका ठिकाणी तो माझी समजूत काढतो, आणि तेही नकळत. पुढे तो वृंदाचा, गायक-वादकांच्या मेळाचा, हिशोब देतो. उत्तम वृंदात मुख्य गायक चार. त्यांच्याबरोबर गाणारे समगायक आठ, गायिका बारा, बासरीवाले चार, मृदंगवाले चार. एकूण बत्तीस. बत्तिसांत मुख्य चारच, पण उरलेल्या अठ्ठावीस जणांवाचून तो मेळ 'उत्तम' होत नाही. तंबोऱ्यावर मागे बसून मी ज्या ज्या मैफलींत स्वर धरला, तिथे माझी जागा कोणती होती, हे मला या बेरजेतून कळलं. समगायकाला अंगावर काटा आणायचा नसतो. त्याने स्वर सोडायचा नसतो.

जूनमधलं उत्तर

यंदाही एक आई आली. मुलगी नऊ वर्षांची, आवाज बारीक, थोडा नाकात. प्रश्न तोच. मी म्हणालो, "ताई, गळ्याचं मला आज सांगता येणार नाही, आणि दोन वर्षांनी सांगितलं तरी ते माझं अनुमानच असेल. पण ती खांदे वर उचलून श्वास घेते, दात मिटून 'आ' लावते आणि चुकेल म्हणून घाबरते. या तीन गोष्टी जाऊ शकतात. तेवढ्यासाठी ठेवायची असेल तर ठेवा."

"मग ती स्टेजवर गाईल का?"

"बरोबर गाईल. चांगलं गाईल का, ते बघू."

बाईंचं समाधान झालं नाही, ते चेहऱ्यावर दिसलं. पण मुलीला त्या सोमवारपासून पाठवलं. सध्या आम्ही भूपातला आरोह म्हणतो, डोळे उघडे ठेवून.

ती गेली की कधी कधी मी ती कारणांची यादी आठवतो. चांगल्या शारीराचं पहिलं कारण विद्यादान. विद्या देणं म्हणजे शिकवणंच, असा मी त्याचा अर्थ घेतो. पुनर्जन्मावर माझा विश्वास नाही, पण हिशोबाच्या माणसाला कुठलीही जमा सोडवत नाही. या जन्मी गळा नव्हता. पुढच्याची तरतूद, कोण जाणे, या सात-आठ पोरांच्या खात्यावर होत असेल.